काळाचे कारभारी आणि विस्मरणाचा प्रश्न

१

काळ ही साठविता येणारी, एका ठिकाणाहून दुसऱ्या ठिकाणी नेता येणारी आणि निष्काळजीपणे हाताळल्यास घात करणारी शक्ती आहे. म्हणून तिच्या देखभालीसाठी एखादी संस्था असली पाहिजे. ही कल्पना विसाव्या शतकाच्या उत्तरार्धातील पाश्चात्त्य विज्ञानकथेने व अद्भुतकथेने पुनःपुन्हा योजिली आहे. एकट्या कालप्रवाशाची कथा तिच्याहून जुनी. एच. जी. वेल्स यांच्या १८९५ मधील कादंबरीतील प्रवासी स्वतःच बांधलेल्या यंत्रावर बसून भविष्यात जातो. त्याला कोणाची अनुज्ञा लागत नाही, आणि परतल्यावर तो आपली हकिकत घरी जेवायला आलेल्या पाहुण्यांना सांगतो. पुढे त्या एकट्या प्रवाशाच्या जागी खाते आले, श्रेणी आल्या, हुकूम आणि नोंदवह्या आल्या. जेवणाच्या मेजावर सांगितली जाणारी हकिकत दप्तरात बंद झाली. वाङ्मयप्रकाराच्या इतिहासातील हे स्थित्यंतर केवळ कथानकाच्या सोयीचे नाही.

अशा साहित्यकृतींविषयी आपल्याकडे जी थोडीफार चर्चा होते ती बहुधा दोन प्रश्नांभोवती फिरते. कृतीत विज्ञान किती आणि ललित किती, हा पहिला प्रश्न. विज्ञान नसेल तर तिला मुलांच्या कपाटात ठेवावे की करमणुकीच्या, हा दुसरा. हे दोन्ही प्रश्न येथे गैरलागू ठरतात. काळाची शक्ती सूर्यापासून येते की जादूने, यावर कृतीचे मोल ठरत नाही. काळाचा कारभार करणाऱ्या संस्थेने ज्यांच्या आयुष्यात हात घातला, त्यांना त्या कृत्याची आठवण राहते का, या प्रश्नावर ते ठरते. आठवण नसेल तर तक्रार नाही. तक्रार नसेल तर जबाबही नाही. काळाच्या शक्तीतील खरा धोका तिच्या स्फोटात नसून या विस्मरणात आहे, असे प्रस्तुत लेखाचे प्रतिपादन आहे. त्यासाठी आयझॅक असिमोव्ह यांची ‘द एन्ड ऑफ इटर्निटी’ (१९५५), मिखाएल एन्डे यांची जर्मन कादंबरी ‘मोमो’ (१९७३) आणि टेरी प्रॅचेट यांची ‘थीफ ऑफ टाइम’ (२००१) या तीन कृतींचा विचार करावयाचा आहे. पहिली विज्ञानकथा, दुसरी मुलांसाठी लिहिलेली परीकथा, तिसरी विडंबनात्मक अद्भुतकथा. तीन प्रकार, तीन देश, तीन पिढ्या. पण तिन्हींच्या केंद्रस्थानी एकच प्रश्न आहे.

२

असिमोव्ह यांच्या कादंबरीतील संस्थेचे नावच ‘इटर्निटी’, म्हणजे शाश्वती. सत्ताविसाव्या शतकात स्थापन झालेली ही संस्था काळाच्या बाहेर वसलेली आहे. अतिदूरच्या भविष्यात स्फोट पावणाऱ्या आपल्याच सूर्याची ऊर्जा तिला पुरविली जाते. मरणाऱ्या सूर्यावर चालणारे हे कार्यालय मानवजातीच्या कल्याणासाठी वास्तवात फेरफार करते. तेथे गणन करणारे आहेत, समाजशास्त्रज्ञ आहेत, व्यक्तींच्या आयुष्याचे आराखडे मांडणारे आहेत, आणि प्रत्यक्ष फेरफार करणारा तंत्रज्ञ आहे. फेरफाराचे तत्त्व काटकसरीचे: अपेक्षित परिणामासाठी कमीत कमी आवश्यक तेवढाच बदल करावयाचा. नायक अँड्र्यू हार्लन एका वाहनाच्या यंत्रात किंचित बिघाड करतो. त्यामुळे एक तरुण यंत्रशास्त्राच्या व्याख्यानाला पोहोचू शकत नाही, एक शोध दहा वर्षे लांबतो आणि पुढच्या शतकातील एक युद्ध वास्तवातून नाहीसे होते.

युद्ध टळले याबद्दल दुःख कोणाला व्हावे? हाच असिमोव्ह यांचा पेच आहे आणि तो प्रामाणिक आहे. या संस्थेतील माणसे दुष्ट नाहीत. त्यांचे हिशेब बरोबर असतात, हेतू शुद्ध असतो. मात्र काळात राहणाऱ्या सामान्य जनांना ही संस्था केवळ शतकाशतकांमधील व्यापार सांभाळणारी पेढी म्हणून ठाऊक आहे. आपले वास्तव बदलले जाते हे त्यांना माहीत नाही. बदल झाल्यानंतर ते माहीत होण्याचा मार्गही उरत नाही, कारण स्मरण करणारा माणूसच नव्या वास्तवात निराळा झालेला असतो, किंवा झालेलाच नसतो. जे नाहीसे झाले त्यांच्यासाठी सुतक धरणारे कोणी नाही. संस्थेच्या जमाखर्चात जमेची बाजू भरलेली दिसते, याचे कारण खर्चाच्या बाजूची माणसे नोंदीसकट पुसली जातात.

म्हणूनच या कादंबरीतील सर्वांत बोलका तपशील यंत्रांचा नाही, तो शिष्टाचाराचा आहे. तंत्रज्ञाशी संस्थेतील इतर लोक मोकळेपणाने वागत नाहीत. ते त्याच्यापासून अंतर राखतात, त्याच्या शेजारी बसणे टाळतात. निर्णय सर्वांचा, पण हात त्याचा. त्यामुळे त्या कृत्याची आठवण सर्वांनी मिळून त्याच्या अंगावर टाकली आहे. ज्या संस्थेने जगाचे विस्मरण घडविले तिला स्वतःचे विस्मरण साधता आलेले नाही. तंत्रज्ञ समोर आला की ते उघडे पडते. हार्लन नोईस या स्त्रीच्या प्रेमात पडतो आणि ज्या बदलाची तो तयारी करीत आहे त्यानंतरच्या वास्तवात ती असणार नाही हे त्याला कळते, तेव्हा इतके दिवस आकडा असलेली हानी प्रथमच चेहरा धारण करते. अखेरीस तो संस्थाच अस्तित्वात येऊ देत नाही. तिच्या सावध कारभाराने मानवजातीकडून धाडस काढून घेतले होते. माणूस ताऱ्यांपर्यंत पोहोचला तो इतरांनी ती जागा व्यापल्यानंतर. हे कारण कादंबरीत मोठे करून सांगितले आहे. पण वाचकाच्या मनात राहते ते दुसरे, लहान कारण: एका माणसाला एका माणसाची आठवण टाकून देणे जमले नाही.

३

एन्डे यांच्या ‘मोमो’मध्ये संस्था पेढीच्या रूपाने येते. करडे गृहस्थ शहरात हिंडतात आणि लोकांना वेळ वाचवून पेढीत ठेवण्यास प्रवृत्त करतात. फूझी नावाच्या न्हाव्यासमोर एक प्रतिनिधी बेरीज-वजाबाकी मांडतो. सत्तर वर्षांच्या आयुष्याचे सेकंद २,२०७,५२०,०००. त्यापैकी फूझीची बेचाळीस वर्षे म्हणजे १,३२४,५१२,००० सेकंद सरलेले. मग झोप, काम, जेवण, बहिऱ्या म्हाताऱ्या आईशी रोज घालविलेला तास, चाकाच्या खुर्चीत बसलेल्या एका स्त्रीला रोज फूल नेऊन देण्याचा अर्धा तास, असे एकेक कलम वजा होत जाते आणि बाकी नेमकी शून्य राहते. हे गणित अचूक आहे आणि संपूर्ण खोटे आहे. जगलेला काळ हा गमावलेला काळ, असे गृहीत धरले की कोणाच्याही आयुष्याची बाकी शून्यच येणार. आकडा जितका मोठा तितका ऐकणारा दबतो. गृहीतकाकडे पाहण्याचे भान त्याला राहत नाही.

पुढची गोष्ट अधिक महत्त्वाची आहे. प्रतिनिधी निघून जातो, त्याच्या चिरुटाचा धूर विरतो आणि त्याबरोबर फूझीच्या मनातून त्याची आठवणही विरते. निश्चय तेवढा मागे राहतो, आणि तो आपण स्वतःच केला असे फूझीला वाटू लागते. आईची रवानगी स्वस्तातल्या वृद्धाश्रमात होते, फूल नेणे थांबते, आणि यासाठी बोट दाखवावे असा कोणीच उरत नाही. असिमोव्ह यांच्या संस्थेला वास्तव बदलावे लागते. एन्डे यांच्या पेढीला तेवढेही करावे लागत नाही, कारण ती माणसाला स्वतःच्याच निर्णयाचा धनी करून सोडते. विस्मरणाचे हे रूप अधिक सूक्ष्म आणि आपल्या अनुभवाला अधिक जवळचे आहे.

ही पेढी कशावर जगते, हेही एन्डे यांनी स्पष्ट केले आहे. माणसाचा काळ त्याच्या हृदयात घटिकाफुलांच्या रूपाने फुलतो. करडे गृहस्थ ती फुले चोरून गोठवितात, त्यांच्या वाळलेल्या पाकळ्यांचे चिरूट करतात आणि ते ओढून तग धरतात. चिरूट विझला की गृहस्थ विरून जातो. त्या धुराने काळ नासतो आणि नासलेला काळ वाट्याला आलेला माणूस जीवघेण्या कंटाळ्याने आजारी पडतो. ठेवीदाराची ठेव परत देण्याचा प्रश्नच येत नाही, कारण ठेव हेच चालकांचे अन्न आहे. साठा अपुरा पडू लागतो तेव्हा हे गृहस्थ नाणे उडवून आपापसांतच संख्या कमी करतात, आणि नाहीसे होणारे तेही शिस्तीने सोसतात.

या पेढीच्या समोर एन्डे यांनी मास्टर होरा हा काळाचा दुसरा कारभारी उभा केला आहे. तो प्रत्येकाला त्याच्या वाट्याचा काळ देतो. त्याचे काय करावे हे ज्याचे त्याने ठरवावयाचे, अशी त्याची मर्यादा. हा चांगला कारभारी होय, याबद्दल वाद नाही. पण तो चांगला का, याचे उत्तर कादंबरी देत नाही. तो कोठेच नसलेल्या घरात राहतो, कोणाला उत्तर देत नाही, आणि त्याच्यावर विश्वास ठेवावा यासाठी त्याच्या प्रसन्न मुद्रेखेरीज दुसरा आधार नाही. परीकथेला एवढे पुरते. विचाराला पुरत नाही. पेढीचा पराभव देवमाणसाच्या हातून झाला तर पेढीचा प्रश्न सुटत नाही, तो पुढे ढकलला जातो. ‘मोमो’चा हा दुबळा दुवा आहे, आणि तिच्याविषयीच्या भारावलेल्या लेखनात तो सहसा झाकला जातो.

४

प्रॅचेट यांच्या कादंबरीतील इतिहासाचे भिक्षू डोंगरातील मठात राहतात. त्यांच्या मठाखाली फिरत्या दंडगोलांची प्रचंड दालने आहेत. या दंडगोलांना ‘प्रोक्रॅस्टिनेटर’ म्हणजे चालढकल करणारे असे मिस्कील नाव आहे. ते काळ साठवितात आणि सोडतात. जेथे काळ फुकट जातो तेथून, म्हणजे समुद्राच्या तळासारख्या ठिकाणाहून, तो उपसून शहरांकडे वळविला जातो, कारण शहरांना तो कधीच पुरत नाही. जेरेमी नावाच्या घड्याळजीच्या हातून काचेचे एक घड्याळ घडविले जात असते. ते पूर्ण झाल्यास काळ थांबणार असतो. त्याच्या एका चाचणीच्या धक्क्याने दालनातील दंडगोल बेभान फिरू लागतात, आणि लोबसांग हा नवशिका शिष्य कोणता दंडगोल भरावा व कोणता रिता करावा हे ओरडून सांगत तोल सावरतो. धोकादायक शक्तीचा कारभार म्हणजे काय, याचे इतके प्रत्ययकारी चित्र अन्यत्र क्वचितच सापडेल. वीजकेंद्रात किंवा धरणाच्या दरवाजांवर काम करणाऱ्या माणसाला ते ओळखीचे वाटेल.

या भिक्षूंचे वेगळेपण असे की ते चुकतात आणि त्यांच्या चुकांचे ठिगळ दिसते. पूर्वी एकदा असेच घड्याळ बनले होते आणि काळाचे तुकडे झाले होते. भिक्षूंनी ते जमतील तसे जोडले. परिणामी त्या जगाच्या इतिहासात विसंगती राहून गेल्या. एकाच शहरात न जुळणारे काळ शेजारी नांदतात, आणि लोक त्याची सवय करून घेतात. आपल्याच आधीच्या कादंबऱ्यांतील विसंगतींना लेखकाने दिलेले हे गमतीदार स्पष्टीकरण असले, तरी त्याला विनोदापलीकडे अर्थ आहे. असिमोव्ह यांची संस्था शिवण दिसू देत नाही. भिक्षूंच्या कामाची शिवण दिसते. शिवण दिसली म्हणजे प्रश्न विचारण्यास जागा राहते.

मात्र या कादंबरीच्या विनोदाने समीक्षकाने भुलून जाऊ नये. समुद्रतळाच्या माशाला असा कितीसा काळ लागणार, या थट्टेवर वाचक हसतो आणि पुढे जातो. पण माशाला विचारले कोणी? शहराची गरज खरी आणि माशाची फुकट, हा निवाडा भिक्षूंचा. इटर्निटीतील गणन करणारे करीत होते तेही हेच, फक्त त्यांच्या चेहऱ्यावर हसू नव्हते. ज्यांचे पाणी शहराकडे वळविले गेले अशा गावांच्या प्रदेशात राहणाऱ्या वाचकाला ही थट्टा किंचित बोचावी, हे स्वाभाविक आहे.

भिक्षूंचे खरे प्रतिपक्षी म्हणजे ‘ऑडिटर’, विश्वाचे लेखापरीक्षक. जगणे त्यांना अव्यवस्थित वाटते, म्हणून त्यांना काळ थांबवावयाचा आहे. त्यांच्यापैकी कोणी ‘मी’ असे म्हणाले की ते नष्ट होते. म्हणून ते सदैव ‘आम्ही’ या रूपात वावरतात. ही कल्पना मार्मिक आहे. ज्या संस्थेत ‘मी’ म्हणणारा कोणी नाही, तेथे ‘हे मी केले’ असे म्हणणाराही कोणी असणार नाही. विस्मरण केवळ बाधितांवर लादले जाते असे नव्हे. ते संस्थेच्या भाषेतच मुरलेले असते.

५

या तीन कृतींमध्ये एक साम्य आहे. तिन्हींत साक्ष देण्याचे काम खालच्या पायरीवरील माणसाकडे आलेले आहे. इटर्निटीत तो तंत्रज्ञ आहे. ‘मोमो’मध्ये बेप्पो हा रस्ते झाडणारा म्हातारा आहे, करडे गृहस्थ आपल्याच एका प्रतिनिधीवर रात्री कचऱ्याच्या डेपोत खटला चालवितात, तो बेप्पो डोळ्यांनी पाहतो. पुढे तो पोलिसांकडे जातो तेव्हा त्याची रवानगी वेड्यांच्या इस्पितळात होते. ‘थीफ ऑफ टाइम’मध्ये लू-त्झे हा मठातील झाडूवाला आहे, आणि झाडूवाल्याकडे कोणी पाहत नाही यातच त्याचे सामर्थ्य आहे. एक साक्षीदार स्वतः कर्ता आहे, दुसऱ्यावर कोणी विश्वास ठेवीत नाही, तिसरा कोणाला दिसत नाही. काळ वरून वाटला जातो. त्याची आठवण मात्र खाली, हाताने काम करणाऱ्याजवळ उरते.

येथे मराठी वाचकाने थांबून एक भेद केला पाहिजे. युरोपीय लेखकांना झाडू हे नम्रतेचे व शहाणपणाचे चिन्ह म्हणून सहज वापरता येते. लू-त्झेने झाडू स्वतः पत्करली आहे. तिच्याआड तो स्वेच्छेने अदृश्य होतो आणि मनात आले की प्रकट होतो. आपल्याकडे झाडू जातीने हातात दिली, आणि अदृश्यता ही ज्याच्या त्याच्या मर्जीची गोष्ट नव्हती. १९६० नंतरच्या दलित साहित्याने हे इतक्या स्पष्टपणे मांडले आहे की त्यानंतर कोणत्याही भाषेतला ‘शहाणा झाडूवाला’ निर्धास्तपणे वाचणे मराठी वाचकाला शक्य नाही. याने प्रॅचेट किंवा एन्डे यांचे मोल कमी होत नाही. पण वर्गात ही पुस्तके वाचताना हा प्रश्न विचारला गेला नाही, तर ती उसन्या नजरेने वाचली गेली असे म्हणावे लागेल. साक्षीदाराने खालच्या पायरीवरून पाहावे हे खरे, पण त्या पायरीवर त्याला कोणी बसविले हेही साक्षीचाच भाग आहे.

६

अलीकडच्या विद्यार्थ्यांना या कल्पनेची ओळख पुस्तकांपेक्षा पडद्यावरून अधिक आहे. २०२१ मध्ये प्रदर्शित झालेल्या ‘लोकी’ या मालिकेत काळाच्या प्रवाहातील फाटे छाटणारे एक अवाढव्य कार्यालय आहे. आपण याच कामासाठी निर्माण झालो आहोत, अशी तेथील कर्मचाऱ्यांची श्रद्धा असते. पुढे उघड होते की तेही छाटलेल्या फाट्यांतून उचलून आणलेली माणसे आहेत. त्यांच्या स्मृती पुसून त्यांना खुर्चीवर बसविले गेले आहे. असिमोव्ह यांनी विस्मरण संस्थेच्या बाहेर ठेवले होते. येथे ते संस्थेच्या आत शिरले आहे. सात दशकांत कल्पनेने टाकलेले हे पाऊल नोंद घेण्याजोगे आहे.

या पार्श्वभूमीवर आपल्या परंपरेकडे वळल्यास काय दिसते? मराठीत ‘काळ’ या एकाच शब्दाने समय आणि मृत्यू या दोहोंचा बोध होतो. ‘काळ आला’ हे दोन्ही अर्थांनी म्हणता येते. त्यामुळे काळाचा कारभारी ही कल्पना आपल्याला नवी नाही. यम आणि त्याचा लेखनिक चित्रगुप्त हे तिचे जुने रूप होय. परंतु या जुन्या कार्यालयाचे दोन विशेष वरील तीनही संस्थांत आढळत नाहीत. पहिला असा की चित्रगुप्ताची वही माणसाच्या कर्मांची आहे आणि ती त्याच्याच समोर वाचली जाते. हिशेब कठोर असेल, पण तो गुप्त नाही. दुसरा असा की या कारभाऱ्याला अडवून प्रश्न विचारता येतो. महाभारताच्या वनपर्वातील सावित्री यमाच्या मागे चालत जाते, त्याच्याशी बोलत राहते, आणि यमाला उत्तर द्यावे लागते, अखेर दिलेल्या शब्दाला जागावे लागते. कठोपनिषदातील नचिकेता तर त्याच्या दारात तीन रात्री वाट पाहून प्रश्न करतो. या कथांना आधुनिक लोकशाहीचा पोशाख चढविण्याचे कारण नाही. कर्मविपाकाच्या त्याच वहीने येथे विषमतेचे समर्थनही केले आहे. तरीही काळाच्या अधिकाऱ्याने प्रश्नकर्त्यासमोर थांबावे, ही अपेक्षा आपल्या कथापरंपरेत मुरलेली आहे, एवढे निश्चित.

आधुनिक मराठी विज्ञानकथेत हीच अपेक्षा निराळ्या रूपाने दिसते. जयंत नारळीकर यांच्या ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ या कथेत इतिहासाचे प्राध्यापक गंगाधरपंत गायतोंडे अपघाताने अशा एका जगात जातात जेथे पानिपतावर मराठ्यांचा विजय झालेला आहे. तेथे कोणी कारभारी नाही, खाते नाही, फेरफार करणारा हात नाही. ग्रंथालयात बसून गंगाधरपंत तेथील इतिहास वाचतात, आणि परतताना त्यांच्या खिशात बखरीचे एक फाटलेले पान येते. त्या पानानुसार विश्वासरावांना गोळी लागलेली नाही. ती निसटती गेली आहे. या कथेची चर्चा बहुधा पर्यायी विश्वाच्या वैज्ञानिक उपपत्तीविषयी होते, आणि कथेतही ती उपपत्ती दिली आहे. पण कथेचे बळ त्या फाटक्या पानात आहे. एका वास्तवातून दुसऱ्यात जाणारा माणूस येथे विसरत नाही आणि पुराव्यासह परत येतो. फूझी न्हाव्याजवळ असे पान नव्हते. इटर्निटीने बदललेल्या शतकांतील कोणाजवळही नव्हते. संशोधकाला नायक करणाऱ्या या कथेने, हेतूने असो वा नसो, विस्मरणावरचा उताराच दाखविला आहे: लेखी साधन, आणि ते वाचू शकणारा माणूस.

७

यावर दोन आक्षेप संभवतात. पहिला असा की हे सारे नोकरशाहीवरचे रूपक आहे आणि ते वास्तववादी कादंबरी अधिक चांगल्या रीतीने मांडू शकते. हे म्हणणे पूर्णांशाने ग्राह्य नाही. प्रत्यक्षातील कार्यालय अन्याय करते तेव्हा ते मागे कागद ठेवते. कागद गहाळ केला तरी तो गहाळ झाल्याची आठवण कोणालातरी असते. वास्तववादी कादंबरी त्या कागदाच्या किंवा त्या आठवणीच्या आधारे उभी राहते. कागद आणि आठवण ही दोन्ही ज्या सत्तेच्या हातात आहेत, अशा सत्तेची कल्पना पूर्णत्वाने करावयाची तर अद्भुताचाच आश्रय घ्यावा लागतो. अद्भुत ही येथे पळवाट नव्हे, ते विचाराचे साधन आहे.

दुसरा आक्षेप अधिक गंभीर आहे. युद्ध टळले, रोग टळला, आणि ज्यांचे टळले त्यांना ते कळलेही नाही, तर बिघडले काय? वेदनाच नाही तेथे अन्याय कोठून? याला या कृतींतून मिळणारे उत्तर असे की वेदना नसणे आणि ती मोजणारा नसणे या दोन भिन्न गोष्टी आहेत. नोईस नाहीशी झाल्याचे दुःख एकट्या हार्लनला आहे, म्हणून ते लहान ठरत नाही. फूझीच्या आईच्या रिकाम्या झालेल्या तासाची नोंद कोणत्याही खात्यात नाही, पण वाचकाने ती घेतलेली असते. किंबहुना या साहित्यप्रकाराची विशेष योजना हीच आहे. कथेतील सर्व माणसे विसरतात तेव्हा आधीचे आणि नंतरचे अशी दोन्ही वास्तवे स्मरणात ठेवणारा एकच उरतो, आणि तो म्हणजे वाचक. संस्थेने जे पुसले ते पुस्तकाने राखले. साक्षीदाराची जागा वाचकाकडे आली.

पदव्युत्तर अभ्यासक्रमात विज्ञानसाहित्याला आज जी जागा मिळते ती बहुधा त्यातील विज्ञानामुळे, आणि अद्भुतकथेला मिळत नाही तीही त्याच कारणाने. हे विभाजन पुन्हा तपासून पाहिले पाहिजे. शिक्षकाने वर्गात ‘हे शक्य आहे का?’ असे विचारण्याऐवजी ‘हे कोणाला आठवते?’ असे विचारले, तर असिमोव्ह, एन्डे, प्रॅचेट आणि नारळीकर एका बाकावर येऊन बसतात, आणि त्यांच्या शेजारी सावित्रीलाही जागा होते. ज्या विद्याशाखेचे सारे काम जुने कागद जपणे, पाठभेद लावणे आणि विसरलेली नावे परत मिळविणे हे आहे, तिला हा प्रश्न परका वाटू नये. बखरीचे फाटके पान हाती आले असता ते खिशातून काढून कोणासमोर ठेवावयाचे, हा गंगाधरपंतांपुढील पेच तिच्यापुढेही नेहमीच असतो.